दुष्काळी कामापासून रोजगाराच्या हमीपर्यंत



खेड्यात मजुरी करून पोट भरणाऱ्या माणसाला दुष्काळ पहिल्यांदा कुठे भेटतो? आपण म्हणू, रिकाम्या कणगीत. पण जरा बारकाईने पाहिलं, तर तो त्याच्याही आधी शेताच्या बांधावर भेटतो. पाऊस गेला की खुरपणी गेली, काढणी गेली, मळणी गेली. बाजारात ज्वारीच्या पोत्यांची थप्पी लागलेली असते. पण ती घ्यायला गाठीला पैसा नसतो, कारण हाताला काम नसते. शहरात कारखान्यांची धुराडी थंड पडली म्हणजे लोक त्याला मंदी म्हणतात, आणि आपल्याकडे आभाळ थंड पडले म्हणजे त्याला दुष्काळ म्हणतात. नावे दोन असली तरी मजुराच्या घरी दोघांचा अर्थ एकच होतो.

निमगाव सावा हे जुन्नर तालुक्याच्या पूर्व अंगाचे गाव. ह्या मुलखातल्या माणसाला ही गोष्ट फोड करून सांगावी लागत नाही. पश्चिमेला नाणेघाटाकडे पाऊस धो धो कोसळतो, आणि तोच पाऊस पूर्वेला आणे पठाराकडे येईपर्यंत दमून जातो. पश्चिमेच्या आदिवासी वाड्यांत पाऊस भरपूर, पण भात निघाले की काम संपले. पूर्वेला पाऊसच बेभरवशाचा. म्हणजे एका तालुक्याच्या दोन टोकांना कारणे वेगळी आणि प्रश्न एकच. चार महिने हात रिकामे, तर पोट कसे भरायचे?

अशा वेळी सरकारने काम काढावे आणि मजुरी द्यावी, ही कल्पना आपल्याकडे नवी नाही. तिला दीडशे वर्षांचा तरी लिखित इतिहास आहे. तो इतिहास आज थोडक्यात पाहू. पाहताना तीन प्रश्न हाताशी धरू या. मजुरी पोटाला पुरेशी होती का? काम मिळावे की नाही, हे कोणी ठरवायचे? आणि काम संपल्यावर गावाच्या पदरात काय उरले?

सुरुवात 1876 सालापासून करतो. त्या वर्षी दख्खनमध्ये पाऊस फसला, आणि पुणे, सोलापूर, सातारा, नगर ह्या जिल्ह्यांत हाहाकार उडाला. मुंबई सरकारने रस्ते, तलाव आणि कालवे ह्यांची कामे काढली. दौंड-मनमाड लोहमार्गाचे मातीकाम दुष्काळी मजुरांनी केले. पुणे जिल्ह्यात नीरेच्या डाव्या कालव्याला ह्याच वेळी दुष्काळी काम म्हणून हात घातला गेला. बारामती-इंदापूरकडची जी जमीन पुढे भिजली, तिच्या पाटाची पहिली माती अशा भुकेल्या माणसांनी उचललेली आहे.

आता मजुरीचं पाहा. व्हाइसरॉय लॉर्ड लिटन ह्यांच्या सरकारला खर्चाची धास्ती वाटू लागली. 1877 च्या जानेवारीत त्यांनी सर रिचर्ड टेंपल ह्यांस पाहणीसाठी पाठविले. टेंपलसाहेबांची गोष्ट ऐकण्यासारखी आहे. 1873-74 साली बिहारात दुष्काळ पडला, तेव्हा ह्याच गृहस्थांनी ब्रह्मदेशातून तांदूळ आणवून माणसे जगविली होती. मृत्यू फारच थोडे झाले. पण शाबासकी मिळायची ती राहिली बाजूला, उलट उधळपट्टीचा ठपका आला. ठपका बसलेला अधिकारी पुढच्या वेळी मूठ आवळतो. टेंपलांनी पुरुषाची मजुरी एक पौंड धान्याची किंमत आणि वर अर्धा आणा इतकी खाली आणली. बाईला वरचा पाव आणाच. एक पौंड म्हणजे आपला सुमारे अर्धा शेर. टिकाव चालविणाऱ्या, दगड फोडणाऱ्या माणसाने दिवसभर अर्धा शेर धान्यावर राबावे असा हा हिशेब. मद्रास इलाख्याचे आरोग्याधिकारी डॉक्टर कॉर्निश ह्यांनी, एवढ्यावर काम करणारे शरीर टिकणार नाही, असे सरकारला बजावले होते.

ह्याला जोडून दुसरे धोरण होते. गावाजवळची लहान कामे बंद करायची आणि लोकांना लांबच्या मोठ्या कामांवर धाडायचे. त्यामागचा विचार असा, की जो खरोखर उपाशी असेल तो मुलेमाणसे घेऊन मैलोन्‌ मैल चालत जाईल. जो जाणार नाही त्याला गरज नाही असे समजावे. ह्याला ते ‘कसोटी’ म्हणत. भूक आहे की नाही ह्याचा पुरावा मजुराने आपल्या अंगावर काढून दाखवायचा, आणि तो खरा की खोटा हे साहेबाने ठरवायचे, असा त्याचा अर्थ.

मजुरांनी काय केले? आपण समजतो की उपाशी माणूस निमूट राबतो. पण तसे झाले नाही. मजुरी कापली तेव्हा मुंबई इलाख्यातल्या कामांवरून हजारो मजूर उठून गेले. आपल्या देशात संप हा शब्द गिरण्यांतून रुळण्याच्या आधी दुष्काळी कामावरच्या कुणब्याने तो करून दाखविला होता, असे म्हणायला हरकत नाही. पुण्याच्या सार्वजनिक सभेने त्यांची बाजू उचलली. सभेचे गणेश वासुदेव जोशी, म्हणजे आपले सार्वजनिक काका, आणि न्यायमूर्ती रानडे ह्यांच्या प्रेरणेने जिल्ह्याजिल्ह्यांतून खरी माहिती गोळा झाली, आणि ती अर्जांच्या रूपाने सरकारपुढे ठेवण्यात आली. त्या दुष्काळात ब्रिटिश मुलखात पन्नास लाखांवर माणसे दगावली, असा पुढे सरकारी आयोगाचाच अंदाज झाला.

तो आयोग म्हणजे 1880 चा दुष्काळ आयोग. सर रिचर्ड स्ट्रॅची त्याचे अध्यक्ष. दुष्काळात धान्यापेक्षाही मजुरी आटते, आणि म्हणून लोकांच्या हाताला काम पोचविणे हा मुख्य उपाय, हे त्या आयोगाने ओळखले. त्यातून 1883 साली दुष्काळ संहितेचा मसुदा तयार झाला आणि पुढे प्रत्येक प्रांताने आपापली संहिता केली. पीक बुडाल्याची लक्षणे कोणती, कामे केव्हा काढायची, मजुरी कशी ठरवायची, म्हाताऱ्या आणि अपंग माणसांना शिधा कसा द्यायचा, हे सारे त्यात कलमवार लिहिलेले होते. हे पाऊल मोठेच होते. पण संहिता होती अधिकाऱ्यांसाठी. ज्याच्यासाठी ती लिहिली त्या रयतेला तिचा गंध नव्हता.

ही उणीव कोणी ओळखली? लोकमान्य टिळकांनी. 1896 साली पुन्हा पाऊस फसला, तेव्हा ‘केसरी’ने आणि सार्वजनिक सभेने एक अगदी साधे काम केले. त्यांनी दुष्काळ संहिता मराठीत आणली, तिच्या प्रती काढल्या आणि खेडोपाडी वाटल्या. सभेची माणसे गावोगाव फिरून सांगू लागली, की पीक बुडाले असेल तर सारा तहकूब करून मागा, काम मागा. ही भीक नव्हे, हे सरकारने स्वतः लिहून ठेवले आहे. ह्यात बेकायदा काही नव्हते, तरी सरकारला ते खपले नाही. 1897 साली सार्वजनिक सभेची सरकारदरबारची मान्यता काढून घेण्यात आली. कायदा करणारे सरकारच, आणि तो लोकांना वाचून दाखविला म्हणून रागावणारेही सरकारच! कायदा कपाटात असतो तोवर तो निरुपद्रवी असतो. तो गावाच्या पारावर वाचला गेला की त्याला दात येतात. शिक्षक मंडळींनी ही गोष्ट विशेष ध्यानात ठेवावी, कारण पुढे पुन्हा आपण इथेच येणार आहोत.

आता थोडे समुद्रापलीकडे जाऊ. 1929 च्या ऑक्टोबरात न्यूयॉर्कचा शेअर बाजार कोसळला आणि जगभर मंदी पसरली. हिंदुस्थानात तिची झळ शेतकऱ्याला कशी लागली ते पाहण्यासारखे आहे. दोन-तीन वर्षांत शेतमालाचे भाव जवळजवळ निम्म्यावर आले. सारा मात्र रोख रुपयांत ठरलेला. आधी एक पोते विकून जे देणे भागत होते, त्याला आता दोन पोती लागू लागली. सावकाराच्या व्याजाचेही तसेच. 1931 नंतर देशातून सोन्याचा प्रवाह परदेशी वाहू लागला; त्यातले कितीतरी सोने घरच्या लक्ष्मीच्या अंगावरून उतरलेले होते. त्या काळात सरकारने खर्च वाढवून कामे काढावीत, तर सरकारने खर्चाला कात्री लावली, कारण जमाखर्चाची तोंडमिळवणी हाच त्या वेळचा धर्म होता. जुन्नर-आंबेगावच्या मुलखातल्या माणसाला त्या काळी ‘रोजगार योजना’ एकच ठाऊक होती, ती म्हणजे मुंबई. घाट उतरायचा आणि गिरणीत नाहीतर गोदीत काम शोधायचे. 12 डिसेंबर 1930 रोजी परदेशी कापडाच्या लॉरीपुढे आडवे पडून प्राण देणारे हुतात्मा बाबू गेनू हे आंबेगाव तालुक्यातल्या महाळुंगे पडवळचे, आणि मुंबईत ते गिरणी कामगार होते. त्यांचे नाव आज डिंभे धरणाच्या जलाशयाला आहे.

अमेरिकेत मात्र वेगळे घडले. तिथे 1933 पर्यंत दर चार कामकऱ्यांत एक जण बेकार झालेला होता. त्या वर्षीच्या मार्चमध्ये फ्रँकलिन रूझवेल्ट अध्यक्ष झाले. त्यांनी तरुणांसाठी एक दल उभारले. झाडे लावणे, जमिनीची धूप थांबविणे, जंगलात वाटा आणि बांध घालणे ही त्याची कामे. तरुणाला महिना 30 डॉलर मिळत, आणि त्यांतले 25 डॉलर परस्पर घरी पाठविले जात. नऊ वर्षांत सुमारे 30 लाख तरुण त्या दलातून गेले. 1933-34 च्या कडक हिवाळ्यात दुसऱ्या एका योजनेने काही आठवड्यांतच सुमारे 40 लाख लोकांना कामाला लावले. 1935 साली हॅरी हॉपकिन्स ह्यांच्या हाताखाली आणखी मोठी योजना सुरू झाली आणि ती 1943 पर्यंत चालली. तीत एकंदर सुमारे 85 लाख लोकांनी काम केले. रस्ते, पूल, शाळा आणि विमानतळ तर झालेच. पण लेखक, चित्रकार, नट आणि गवई ह्यांनाही त्यांच्या हातचे काम मिळाले. हॉपकिन्स ह्यांचे म्हणणे असे होते, की घरबसल्या पैसे देण्याने पोट भरेल, पण माणूस खचेल. काम दिले तर त्याची मानही ताठ राहील.

ही कामगिरी थोर खरी. तरी आपल्या तीन प्रश्नांच्या चाळणीत ती घालून पाहा. मजुरी टेंपलांच्या मजुरीपेक्षा कितीतरी माणुसकीची होती. कामे टिकाऊ झाली. पण काम किती जणांना द्यायचे, हे दरवर्षीच्या मंजूर रकमेवर ठरे. एका घरातून साधारणपणे एकालाच, तेही कर्त्या माणसाला घ्यायचे, म्हणून बायका मागे राहिल्या. महायुद्धाने कारखाने पुन्हा पेटले आणि योजना गुंडाळल्या गेल्या. सरकारने मन मोठे केले म्हणून ते काम मिळाले होते. ‘मला काम द्या’ असे म्हणून हक्काने मागण्याची सोय तिथेही झाली नाही.

ती सोय झाली महाराष्ट्रात.

आपल्या संविधानाच्या 41 व्या अनुच्छेदात कामाच्या हक्काचा उल्लेख आहे. पण तो मार्गदर्शक तत्त्वांत, आणि ‘राज्याच्या आर्थिक शक्तीच्या मर्यादेत’ अशी पुस्ती जोडून. मार्गदर्शक तत्त्व घेऊन कोर्टात जाता येत नाही. हे तत्त्व जमिनीवर उतरावे असा ध्यास एका माणसाने घेतला. त्यांचे नाव वि. स. पागे. सांगली जिल्ह्यातल्या तासगाव तालुक्यातले विसापूर हे त्यांचे गाव. 1960 पासून 1978 पर्यंत ते महाराष्ट्र विधान परिषदेचे सभापती होते. गांधीविचारांचा, साधा, संतवाङ्‌मयात रमणारा माणूस. जो अंगमेहनत करायला तयार आहे त्याला सरकारने काम दिलेच पाहिजे, हा त्यांचा आग्रह. त्यांनी तो मुख्यमंत्री वसंतराव नाईक ह्यांच्या गळी उतरविला. प्रथम विसापूरच्या परिसरात प्रयोग झाला, आणि मग 1972 साली ही योजना राज्यभर लागू करण्याचे ठरले. ‘मागेल त्याला काम’ हे तीन शब्द तेव्हापासून मराठीत रुळले.

आणि नेमका त्याच वर्षी दुष्काळ आला. 1970 पासून पाऊस हात आखडता घेतच होता. 1972 साली त्याने पाठच फिरविली. बाहत्तरचा दुष्काळ म्हटलं की जुन्या माणसांच्या डोळ्यांपुढे आजही काय उभे राहते ते आपणांस ठाऊक आहे. मिलोची लाल ज्वारी, मुलांच्या ओंजळीतली सुकडी, खडीचे ढीग, आणि डोक्यावर घमेले घेतलेल्या बायकांची लांबच लांब रांग. 1973 च्या मे महिन्यात दुष्काळी कामांवर सुमारे 50 लाख माणसे होती. 1971 च्या शिरगणतीप्रमाणे महाराष्ट्राची लोकसंख्या पाच कोटींच्या जरा वर होती. म्हणजे लहानमोठी, म्हातारीकोतारी सगळी धरून दर दहा माणसांमागे एक माणूस सरकारी कामावर होता. हे प्रमाण ध्यानात घ्या. धान्याचे उत्पन्न इतके बुडाले असूनही 1877 सारखा मृत्यूचा तांडव महाराष्ट्रात झाला नाही. ज्याँ द्रेझ आणि अमर्त्य सेन ह्यांसारख्या अर्थशास्त्रज्ञांनी पुढे ह्याचा अभ्यास केला, आणि दुष्काळ माणसे न मरू देता निभावता येतो ह्याचे उदाहरण म्हणून महाराष्ट्राचे नाव जगापुढे ठेवले. हाल झाले नाहीत असे मात्र कोणी समजू नये. गुरे गेली, घरे उठली, मजुरीसाठी आणि धान्यासाठी मोर्चे काढावे लागले. पण हाताला काम होते, म्हणून बाजारातले धान्य घरात येऊ शकले.

दुष्काळ सरला, आणि इथेच इतिहासाने वळण घेतले. एरवी काय होते? पाऊस पडला की दुष्काळी कामे बंद होतात, मजूर आपल्या वाटेने जातो, आणि साहेब फायली बांधून ठेवतो. ह्या वेळी तसे झाले नाही. आपत्तीपुरते काढलेले काम कायमच्या हमीत बदलले. 1977 साली महाराष्ट्र विधिमंडळाने रोजगार हमी अधिनियम संमत केला, आणि 26 जानेवारी 1979 पासून तो अंमलात आला. ग्रामीण भागातल्या प्रौढ माणसाने अंगमेहनतीचे काम मागितले, तर 15 दिवसांत ते दिले पाहिजे. देता आले नाही, तर दिवसाला निदान एक रुपया बेकारभत्ता द्यायचा. काम होईल तो जवळपास, पाच किलोमीटरच्या आत. खर्चातला मोठा वाटा मजुरीवर. बाईला आणि पुरुषाला दर एकच. कामावर पिण्याचे पाणी, सावली, आणि लेकुरवाळ्या बायकांच्या मुलांसाठी पाळणाघर.

आता ही कलमे टेंपलांच्या कसोटीशेजारी ठेवून पाहा. 1877 साली मजुराने आपली भूक सिद्ध करायची होती. 1979 साली मजुराने नुसते ‘काम द्या’ म्हणायचे, आणि काम का देता आले नाही ह्याचे उत्तर सरकारने द्यायचे. पारडे फिरले ते इथे. एक रुपया भत्ता ही रक्कम त्या काळीही क्षुल्लकच होती. तिचे मोल रकमेत नव्हते. चूक कोणाच्या खाती मांडायची, हे त्या एका रुपयाने ठरविले.

हा पैसा कुठून आला, हेही सांगितले पाहिजे, कारण त्यात आपल्या शिक्षक श्रोत्यांचा वाटा आहे. 1975 साली राज्याने व्यवसाय कराचा कायदा केला. नोकरदार, वकील, डॉक्टर आणि व्यापारी ह्यांच्याकडून कर घ्यायचा, सरकारने तेवढीच भर घालायची, आणि त्या निधीतून खेड्यात रोजगार द्यायचा, अशी ती रचना. गुरुजी आपल्या पगारपत्रकात दरमहा कापलेले दोनशे रुपये पाहून कपाळाला आठ्या घालतात. पण त्या ओळीच्या मुळाशी हा हेतू आहे. ज्याला पगाराची शाश्वती आहे त्याने ज्याला उद्याची शाश्वती नाही त्याच्यासाठी थोडी पदरमोड करावी, इतका साधा तो हिशेब. शहराने खेड्याला दिलेला हा हात त्या काळी देशात अपूर्वच होता.

ह्या योजनेचा सर्वांत मोठा लाभ बायकांना झाला. कामावरच्या मजुरांत त्यांचे प्रमाण निम्म्याच्या आसपास राहिले. बागाईतदाराच्या शेतावर बाईला पुरुषापेक्षा कमी देण्याचा रिवाज पिढ्यान्‌पिढ्यांचा. सरकारी कामावर दर एकच म्हटल्यावर त्या रिवाजाला पहिला तडा गेला. रोजगार हमीचे काम जवळ आहे असे नुसते कळले, तरी खाजगी मजुरीचा दर चार आणे वर सरकतो, हा अनुभव अनेक गावांचा आहे.

तिसरा प्रश्न, मागे काय उरले हा. पाझर तलाव झाले, नालाबांध झाले, शेतांची बांधबंदिस्ती झाली, गावांना रस्ते मिळाले. पाझर तलावाचे काम कसे चालते हे आपल्या बायाबापड्यांनाही समजते: ओढ्याला आडवा बांध घालायचा, पावसाचे पाणी तिथे थोपवायचे, ते जमिनीत मुरते आणि खालच्या अंगाच्या विहिरींना पाझर फुटतो. 1990 पासून योजनेला फळबाग लागवड जोडली गेली. अल्पभूधारकाच्या पडीक तुकड्यावर डाळिंब, बोर, आंबा उभा राहिला.

पण इथे एक कडू गोष्ट बोलली पाहिजे. विहिरीला पाणी वाढले ते ज्याला विहीर आहे त्याच्या. रस्ता झाला तो ज्याचा माल बाजारात जातो त्याच्या उपयोगाचा. आणि ज्याच्या डोक्यावरून त्या तलावाची माती गेली, त्या भूमिहीनाला मजुरीच काय ती मिळाली. बिनपाण्याचे तलाव झाले, अर्धवट रस्ते राहिले. हजेरीपटावर नसलेल्या माणसांची नावे चढली, मेलेल्याचे अंगठे उमटले, मोजमापात खोट आली, मजुरी महिनोन्‌महिने थकली. कामासाठी किमान 50 मजूर हवेत, ही मूळ कायद्यातली अट डोंगरकपारीच्या वाडीला जड जाणारी होती. वाडीतली सगळी हातीपायी धड माणसे मोजली तरी पन्नास भरायची मारामार. जिथे मजुरांची संघटना होती तिथे हक्क मिळाला. जिथे नव्हती तिथे हक्क कागदावर राहिला आणि माणूस नारायणगावच्या नाक्यावर रोजंदारीला उभा राहिला.

महाराष्ट्राचा हा धडा देशाने उचलला. 2005 साली संसदेने राष्ट्रीय ग्रामीण रोजगार हमी कायदा केला. 2 फेब्रुवारी 2006 पासून तो 200 जिल्ह्यांत आणि 2008 पर्यंत देशाच्या सर्व ग्रामीण जिल्ह्यांत लागू झाला. दर कुटुंबाला वर्षाला 100 दिवसांच्या कामाची हमी त्यात होती. ह्या कायद्याची खरी परीक्षा 2020 साली झाली. करोनाच्या साथीने शहरे बंद झाली, कारखाने आणि बांधकामे थांबली, आणि लाखो मजूर पायी गावाकडे निघाले. पाऊस व्यवस्थित असूनही रोजगाराचा दुष्काळ पडला. त्या वर्षी केंद्र सरकारने योजनेसाठी 40,000 कोटी रुपये वाढवून दिले, आणि 11 कोटींवर माणसांनी ह्या कामांचा आधार घेतला. कायदा आधीच होता म्हणून हे शक्य झाले; संकट दाराशी आल्यावर कायदा लिहायला बसले असते, तर मजूर कुठल्या कुठे गेला असता. पुढे 2025 च्या डिसेंबरात संसदेने ह्या कायद्याच्या जागी नवा कायदा संमत केला आणि त्यात 100 ऐवजी 125 दिवसांचे वचन दिले.

वचन शंभर दिवसांचे असो की सव्वाशे दिवसांचे, ते पारखण्याची रीत मात्र दीडशे वर्षांच्या अनुभवाने आपल्याला शिकविली आहे. मजुरी त्या दिवसाच्या बाजारभावात घराचे पोट भरते का, आणि ती वेळेवर हातात पडते का? काम मजुराच्या मागणीवरून निघते, की वरून आलेल्या मंजुरीवरून? आणि काम संपल्यावर जे उरते त्यात भूमिहीनाचा वाटा कोणता? ह्या तीन प्रश्नांची उत्तरे कायद्याच्या पुस्तकात शोधू नयेत. ती आपल्या गावच्या हजेरीपटात, मोजमापाच्या वहीत आणि ग्रामसभेच्या कामकाजात शोधावीत.

आणि आता मघाची टिळकांच्या काळची गोष्ट पुन्हा आठवा. हक्काला मूळ धरायला एक तारीख लागते. मजुराने कामाची मागणी लेखी केली आणि तिची तारखेनिशी पोच घेतली, तर पंधरा दिवस मोजता येतात. पोच नसेल तर दिवस मोजायचे कुठून? तोंडी मागणी वाऱ्यावर जाते. ज्याला लिहिता येत नाही त्याचा अर्ज लिहून द्यायला गावात कोण आहे? शाळेचे गुरुजी आहेत, बाई आहेत, दहावी-बारावीची मुले आहेत. 1896 साली सार्वजनिक सभेच्या माणसांना एक कायदा मराठीत वाचून दाखविण्यासाठी सरकारचा रोष पत्करावा लागला होता. आपल्याला तसे काही सोसायचे नाही. नियम मराठीत आहेत, ग्रामपंचायतीत आहेत, मागितले तर पाहायला मिळतात. महिन्यातली एक संध्याकाळ काढून ते पारावर मोठ्याने वाचावेत आणि ज्यांना हवे त्यांचे अर्ज तिथल्या तिथे लिहून द्यावेत. एवढे झाले तरी पुष्कळ झाले.

नीरेच्या कालव्यावरच्या त्या मजुराला अर्धा शेर धान्यासाठी संप करावा लागला, कारण त्याच्या हातात कागद नव्हता. आज कागद आहे. तो कोरा ठेवायचा की भरायचा, एवढेच आता आपल्या हातात आहे, आणि ते थोडे नाही.